एकाला मशीन, एकाला मोटार

ये गं, इकडं ये. अशी उंबऱ्यात काय टेकलीस पाहुण्यासारखी? जवळ ये, सतरंजीवर बस. तू हिंगोलीत आणि मी इथं गोरेगावच्या अलीकडच्या खेड्यात, हे मला ठाऊक आहे. पण मला लिहायचं म्हटलं की समोर कुणीतरी बसलेलं लागतं, म्हणून मी तुला बसवून घेतलंय. आता आधी बोलणी खा, मग बाकीचं ऐक.

काहून गं, इतक्या महिन्यांनी फोन करतीस, आणि तोही जीपमधून? मागं गाणी वाजून राहिलीत, कुणाची तरी कोंबडी ओरडून राहिली, आणि तू विचारतीस, "मोठीआई, मी आन नणंदबाई मिळून शेवयाची मशीन टाकून राहिलो. गाळा बघितलाय. टाकू का? व्हय का न्हाई, एवढंच सांग." अगं, हे काय चहात साखर घालू का असं विचारणं झालं? मी म्हणाले, बघू. तर तू हसलीस. "आई बी बघूच म्हणली. तुमी दोघी एकमेकीशी बोलत न्हाई, पण उत्तर मात्र एकच देता." आणि तेवढ्यात फोन गेला. पुन्हा काही लावला नाहीस.

तू हसलीस, पण मला ते लागलं. रागानं नाही, खरं होतं म्हणून लागलं. तुझी आई माझी धाकटी जाऊ. एका चुलीवर आम्ही दोघींनी किती वर्षं काढली, आणि आता लग्नाकार्यात समोर आलो तर "बरं हाय का" आणि "बरंय" एवढ्यावर आमचं भागतं. तू तेव्हा लहान होतीस. वाळत घातलेल्या शेवयांच्या बाजेखाली जाऊन निजायचीस, आणि वरून पडलेला चुरा वेचून खायचीस. तुला मशीनचा आवाज आठवत असेल, बाकी काय आठवणार?

तू त्या धंद्याच्या प्रशिक्षणाला जाऊन आलीस म्हणून सांगितलंस. तिथल्या साहेबांनी सांगितलं म्हणे, की लहान धंदे निघतात तेवढे टिकत नाहीत, बरेचसे सुरुवातीच्या काही वर्षांतच बसतात. मग फळ्यावर कारणं लिहिली. भांडवल कमी पडतं, जागा चुकते, गिऱ्हाईक कोण ते माहीत नसतं, घरखर्च आणि धंद्याचा खर्च एक होतो. खोटं काही नाही त्यात. पण तुझा फोन गेल्यावर मी विचार करत बसले, की आपला धंदा यातल्या कोणत्या कारणानं बसला? जागा आपल्या अंगणाची, भाडं नाही. गिऱ्हाईक तर डबे घेऊन दारात उभं. भांडवल म्हणाल तर आम्ही दोघींनी आपापल्या शेळ्या विकून मशीन आणली होती, कुणाकडं हात पसरला नव्हता. तरी बसला. ते कारण साहेबांच्या फळ्यावर मावण्यासारखं नव्हतं. तुझी आई ते सांगायची नाही, म्हणून मी सांगते.

तुझी आई लग्न होऊन आली ती सिद्धेश्वरकडून, धरणाच्या पाण्याजवळ वाढलेली. मी शिरड शहापूरकडची. आमच्या सासूबाईंची जीभ मोठी गमतीची. नवी सून उंबरा ओलांडून आत आली न आली, तर म्हणाल्या, "एक पाण्याकडची, एक कोरड्याकडची. आता घरात चिखल व्हतो का बघा." चिखल काही झाला नाही. कणीक बरी भिजली मात्र.

कारण तुझ्या आईला शेवया यायच्या. पाटाला उतार द्यायचा, कणकेचा गोळा तळव्याखाली घासायचा, आणि खाली परातीत केसासारखी शेवई उतरायची. मी तसलं काही पाहिलं नव्हतं. आमच्याकडं जाडजूड शेवया, त्याही मोडक्या. पण मला कणीक मळता यायची. रवा-मैदा किती, पाणी किती, मीठ कधी, ओलं फडकं किती वेळ झाकायचं, मग मुसळीनं किती कुटायचं, हे माझ्या हाताला कळायचं. तुझी आई गोळा दाबून बघायची आणि म्हणायची, "जाऊबाई, ह्यो गोळा न्हाई, ही गादी हाय. ह्याच्यावर निजावं वाटतं."

गल्लीतल्या बायका आधी बघायला आल्या, मग पीठ घेऊन आल्या. आम्हाला घरचं करून त्यांचं करणं उरकेना. तेव्हा मशीन आणली, वाशीमहून, हाताची. बाजेला आवळून बसवायची, आणि हँडल फिरवायचं. हँडल फिरवायला वेगळं माणूस नव्हतं; जिचं पीठ, तिनं फिरवायचं. त्यामुळं कुणाच्या नवऱ्याला कसं बोलावं, कुणाच्या सुनेनं काय केलं, सगळं त्या हँडलबरोबर फिरायचं.

मशीनचं काम कसं असतं ते तुला नीट सांगते, कारण सगळं त्यातच आहे. एकीनं वरून तोंडात कणीक द्यायची आणि लाकडी दांड्यानं दाबत राहायचं. खाली जाळीतून शेवया येतात. दुसरीनं त्या काठीवर झेलायच्या. झेलायला एक वेळ असते. लवकर उचलल्या तर आखूड पडतात, उशीर झाला तर आपल्याच वजनानं ताणून तुटतात किंवा एकमेकींना चिकटतात. बोटानं तोडायच्या, काठी फिरवायची, दोरीवर नेऊन टांगायची, की लगेच दुसरी काठी खाली. वरचीनं खालचीकडं बघायचं नसतं, बघितलं तर दाब कमी होतो. नुसतं अंगानं कळावं लागतं. मी वर, तुझी आई खाली. आम्ही कधी एकमेकींना "थांब" म्हणालो नाही, का "दे" म्हणालो नाही.

मग लाईटवरची मोटार आणली. ह्यांनी आणि तुझ्या बापानं मिळून ती लाकडी घोडीवर बसवली, पट्टा चढवला, आणि दोघं भाऊ असे उभे राहिले, जसं काही विमान केलंय. सासूबाई म्हणाल्या, "आता बायका बोलतील कवा? हँडल तर गेलं." बोलायच्या थांबल्या नाहीत, फक्त जरा मोठ्यानं बोलू लागल्या.

होळी झाली की सुरू व्हायचं आणि चैत्र, वैशाख उसंत नसायची. शेजारच्या गावांहून बायका यायच्या. रुखवताच्या शेवया आमच्याकडच्याच पाहिजेत म्हणायच्या. लोक म्हणायचे, ह्या दोघींच्या हाताला गुण आहे. हाताला गुण होताच, पण त्याहून एक गोष्ट होती, आणि ती तुझ्या आईनं लावलेली. मशीनच्या पोटात शेवटी थोडी कणीक राहते, लिंबाएवढी. बाकीचे मशीनवाले ती तशीच राहू देतात, पुढचीच्या पिठात जाते. तुझी आई प्रत्येक वेळी मशीन उघडायची, काडीनं ती कणीक काढायची, आणि जिची तिच्या डब्याच्या झाकणावर ठेवायची. वेळ जायचा. एकदा मोठ्या घरची एक बाई वैतागून म्हणाली, "ऱ्हाऊ दे की गं, तेवढ्यानं काय मी भिकारी व्हत न्हाई."

"तुमी न्हाई व्हत वहिनी," तुझी आई म्हणाली, "पण तुमची कणीक दुसरीच्या शेवयात गेली तर ती उगंच शिरीमंत व्हईल, मग तुमालाच तकलीफ."

सगळं अंगण हसलं, तीही हसली. पण त्या झाकणावरच्या लिंबाएवढ्या गोळ्यानं काय केलं माहीत आहे? प्रत्येकीला खात्री पटली की आपल्या गव्हाची शेवई आपल्याच डब्यात जाते. कुणी खपली गहू आणायची, कुणी रेशनचा. दोघींना सारखाच मान होता. धंदा म्हणतात तो याच्यावर उभा होता. आम्हाला तेव्हा धंदा हा शब्दसुद्धा लावायला लाज वाटायची. आम्ही म्हणायचो, मशीनचं काम.

तुझा फोन आल्यापासून मी गोरेगावच्या बाजारात गेले तरी दुकानांकडंच बघते. जीप थांबते तिथली ती ओळ आठव. त्यातली किती दुकानं तू लहान होतीस तेव्हापासूनची आहेत? पाट्या बदलतात, खिळे तेच राहतात. एकानं मोबाईल दुरुस्तीचं टाकलं, चाललं, तर पुढच्या दिवाळीपर्यंत त्याच ओळीत सगळे मोबाईलच दुरुस्त करू लागले. एकाची रसवंती चांगली चालली, तर समोर त्याच्याच साडूनं रसवंती टाकली. विचारलं तर म्हणतो, तो करून राहिला तर आपण काहून करू नाही? टिकलेत ते कोण? तो म्हातारा शिंपी, कारण त्याची बायको काजं करते आणि तो तिला विचारल्याशिवाय कुणाला तारीख देत नाही. आणि तो बी-बियाणंवाला, जो स्वतः दुकानात बसतो. बाकीचे का बसले, ते विचारलं तर कुणी म्हणतं नशीब, कुणी म्हणतं नजर लागली. आतलं कारण कुणी सांगत नाही. ते घरातलं असतं ना.

आपलंही घरातलंच होतं.

सासूबाई गेल्या, मग मामंजी गेले, आणि त्यांचं वर्षश्राद्ध झाल्यावर दोघा भावांनी ठरवलं, की आता वेगळं व्हावं. भांडण नव्हतं, हे मी तुला शपथेवर सांगते. लेकरं मोठी होऊन राहिली होती, घर पुरत नव्हतं, एवढंच. भावकीतले मोठे लोक ओट्यावर बसले. आमचे एक चुलत सासरे होते, सगळ्या गावाच्या वाटण्या तेच करायचे, आणि त्यांना त्याचा मोठा अभिमान. त्यांनी केलेल्या वाटणीत कधी कोर्टकचेरी झाली नाही म्हणून सांगायचे. शेत झालं, गुरं झाली, भांडी झाली. पाटा-वरवंटा मात्र जोडीनंच दिला, तो फोडून चालत नाही हे त्यांना कळत होतं. मग त्यांची नजर अंगणाच्या कोपऱ्यात गेली.

"आन ह्ये शेवयाचं काय?"

"ते बायकायचं हाय," तुझा बाप म्हणाला. "ऱ्हाऊ द्या त्यायच्या दोघीत."

हे तुला माहीत असावं म्हणून मुद्दाम लिहिते. तुझा बाप असं म्हणाला होता.

"दोघीत ऱ्हाऊ द्या म्हंजे उद्या त्याच्यावरून डोकी फुटतील," चुलत सासरे म्हणाले. "आज गोड हाय, उद्या न्हाई ऱ्हाणार. सामाईक काही ठेवायचं न्हाई. मशीन थोरल्याला, मोटार धाकट्याला. दोन्हीची किंमत जवळपास सारखीच. बराबर?"

"बराबर," ह्यांनी मान हलवली. बाकीच्यांनीही हलवली.

आम्ही दोघी आत चुलीपाशी चहा गाळत होतो. सगळं ऐकू येत होतं. तुझ्या आईच्या हातात गाळणी होती. ती माझ्याकडं वळून हळूच म्हणाली, "जाऊबाई, मशीनीबिगर मोटारीचं मी काय करू? पाती लावून पंखा करू का?"

मला हसू आलं. तीही हसली. चहा सांडला थोडा. आम्हाला खरंच वाटलं, की ही पुरुषांची वाटणी आहे, कागदापुरती. त्यांना सारखं सारखं करून समाधान मिळतंय तर मिळू दे. होळी झाली की ती मोटार आणील, मी मशीन काढीन, पट्टा चढवू आणि लागू कामाला. ओट्यावर चहा घेऊन मी गेले, तुझी आई मागनं पाण्याचा तांब्या घेऊन आली, आणि आम्ही दोघींनी डोक्यावरचा पदर नीट केला आणि आत आलो. कुणी आम्हाला विचारलं नाही, आणि विचारायची बात आमच्याही मनात आली नाही. ज्यांनी ते उभं केलं, त्या दोघी पाच पावलांवर होत्या बघ.

वाटणीला आलेली वस्तू त्याच दिवशी उचलायची, हा आपल्याकडचा रिवाज. तुझ्या बापानं मोटार खांद्यावर घेतली आणि पलीकडच्या खोलीत नेऊन ठेवली. पट्टा मशीनचा का मोटारीचा यावर ओट्यावर थोडी चर्चाही झाली. तो शेवटी मला मिळाला. पुढच्या महिन्यात अंगणात भिंत आली. भिंत उंच नव्हती, उभं राहिलं की पलीकडचीचं डोकं दिसायचं. पण वाकून काम करणाऱ्या बायांना भिंत किती उंच आहे यानं काय फरक पडतो?

होळी आली. मी वाट बघितली. मला वाटलं, धाकटी आहे, ती येईल आणि म्हणेल, मोटार आणू का? पुढं कितीतरी वर्षांनी कुणाकडून तरी मला कळलं, की तीही वाट बघत होती. तिला वाटत होतं, थोरली आहे, ती बोलावील. वेगळं झाल्यावर धाकटीनं आपण होऊन थोरल्या घरी जाणं म्हणजे मागायला गेल्यासारखं दिसतं, असं तिला कुणीतरी सांगितलं होतं. मला कुणीतरी सांगितलं होतं, की थोरलीनं बोलावणं म्हणजे तिला धाकटीची गरज पडल्यासारखं दिसतं. सांगणारं कोण ते आता राहू दे. ते माणूस आता या जगात नाही, आणि त्याच्या मनात वाईट होतं असंही मला वाटत नाही.

मग बायका डबे घेऊन आल्या आणि मशीन मुकी बघून आपसात काहीबाही चावळायला लागल्या. ह्यांना ते लागलं. म्हणाले, "लोकांनी हसावं असं आपल्या घरी काही ऱ्हायला नको," आणि हिंगोलीला जाऊन नवी मोटार आणली. ते कळल्यावर तुझ्या बापानं नवी मशीन आणली, आमच्याहून मोठ्या तोंडाची. भिंतीच्या एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला एक. जिथं एक नीट चालत होतं तिथं आता दोन झाली.

आणि काय झालं माहीत आहे? मशीनवर यायच्या आधी बायका घरी विचारून येऊ लागल्या. "आपुन थोरल्याकडचे का धाकट्याकडचे?" वाटणीच्या दिवशी कुणाचा नवरा ओट्याच्या कोणत्या बाजूला बसला होता, कुणाच्या लग्नात कुणी मानाचं लुगडं नेसवलं, त्यावर शेवया कुठं करायच्या ते ठरू लागलं. शेवई बारीक का जाड, हे कुणी बघेना. आमच्या एका चुलत नणंदेला तर दोन्ही घरं सारखी. तिनं लेकीच्या रुखवताचं पीठ दोन डब्यांत घातलं, अर्धं माझ्याकडं, अर्धं तुझ्या आईकडं. रुखवतात मांडलं तेव्हा एका बाजूच्या शेवया पिवळट आणि दुसऱ्या बाजूच्या पांढऱ्या. व्याही विचारत होता, दोन दुकानांतून आणल्या का?

पण खरं दुखणं ते नव्हतं. गिऱ्हाईक अर्धं झालं तरी घर चाललं असतं. दुखणं असं, की मला झेलता येत नव्हतं आणि तुझ्या आईला मळता येत नव्हतं. मी मजुरीनं एक बाई लावली. चांगली बाई, पण तिच्या काठीवर शेवया गुंतायच्या, दोरीवर नेईपर्यंत जटा व्हायच्या. पोळ्याला बायका म्हणायच्या, "वहिनी, औंदा शेवया नीट उकलत न्हाईत." मी म्हणायची, हवा दमट होती. हवा कुठली दमट वैशाखात?

आणि तिकडं. एका दुपारी मी माझ्या बाजूला कणकेवर फडकं झाकत होते. भिंतीपलीकडं तुझ्या आईची मशीन चालली होती. आवाज बदलला. मोटार कण्हायला लागली, पट्टा घसरल्यासारखा चिर्र करू लागला. मला दिसत काहीच नव्हतं, पण कळलं, कणीक घट्ट झालीय. पाण्याचा हात लावून पुन्हा कुटायला पाहिजे. नुसतं एवढंच म्हणायचं होतं, "पाण्याचा हात लाव गं." भिंतीवरून म्हणायचं होतं. तिनं ऐकलं असतं. मी तोंड उघडलंही. पण तिच्या अंगणात तिकडच्या बायका बसल्या होत्या, आणि माझ्या अंगणात इकडच्या. दोन्हीकडच्या गप्प होऊन ऐकत होत्या. मी फडकं झाकलं आणि आत गेले. थोड्या वेळानं ती मोटार बंद पडली. सुरू झाली, पुन्हा बंद पडली. मग त्या दिवशी लागलीच नाही.

ते वाक्य अजून माझ्या तोंडात आहे, बाई. कणीक मळताना आजही येतं.

पुढचं लवकर झालं. दोघींकडं मशीन आहे म्हटल्यावर भावकीतल्या तिसऱ्यानं आणली, चौथ्यानं आणली. आपल्या घरचं असताना दुसऱ्याकडं काहून जायचं, असं म्हणून. प्रत्येकाला आपापल्या चार घरांचं गिऱ्हाईक, आणि चार घरांत मोटारीचं लाईटबिलही निघत नव्हतं. झाकणावर गोळा काढून ठेवायची तसदी कुणी घेईना, तर मग बायका म्हणू लागल्या, आमचा चांगला गहू, तुमच्याकडं बदलतो. मग त्या गोरेगावला जायला लागल्या. मग पिशवीतल्या शेवया आल्या आणि कुठंच जायची गरज उरली नाही. आमच्या गावात आता एकही मशीन चालत नाही. माळ्यांवर किती पडल्यात ते कुणी मोजलं नाही.

तुम्ही हिंगोलीला गेलात तो दिवस तुला आठवतो का? सामान जीपवर बांधलं होतं, तू पुढं बसून हॉर्न वाजवत होतीस. तुझी आई भिंतीला वळसा घालून माझ्या दारात आली आणि पाया पडली. मी म्हणाले, "नीट जा." ती म्हणाली, "व्हय." तुमची मशीन भंगारात गेली आणि ती पहिली मोटार कडबा कापायच्या यंत्राला लावली होती, तिथं जळाली, हे मला मागाहून समजलं. त्या मोटारीवर दोघा भावांनी मिळून पट्टा चढवला होता. त्यातला एक भाऊ आता नाही. ह्यांनी शेवटच्या आजारात एकदा विचारलं होतं, "त्या दिवशी मी बराबर काहून म्हणालो असंल?" मी म्हणाले, सगळेच म्हणाले, झोपा.

आता तुझ्या प्रश्नाकडं येते. तू गाळ्याचं विचारलंस, भाड्याचं विचारलंस, सिंगल फेजवर मोटार चालंल का विचारलंस. तू हुशार आहेस, ते सगळं तू निभावशील. मी वेगळं विचारते. तुझी नणंद आणि तू, दोघींत कणीक कोण देणार आणि झेलणार कोण? आणि एकीला जे येतं ते दुसरीला येत नाही, हे दोघींना ठाऊक आहे का? मशीन कुणाच्या नावावर, मोटार कुणाच्या? दोन्ही एकत्र राहू दे, कुणाच्याही नावावर असो. आणि उद्या तुमच्या घरातले पुरुष ओट्यावर बसले, तर तुम्ही दोघी आत चहा गाळत बसू नका. बाहेर येऊन बसा, पदर घेऊन बसा हवं तर, पण बसा. एवढं ठरवलंत तर मग गाळा बघा. नाही ठरलं तर गाळा कितीही मोक्याचा असू दे, काय उपयोग?

आणि आता तुला खरं सांगते, मी हे लिहायला का बसले. त्या फोनवर, जीप खिंडीत शिरायच्या आधी, तू सहज एक सांगून गेलीस. म्हणालीस, आईनं पिशवीतल्या शेवयांची खीर केली आणि एक घास खाऊन म्हणाली, "ही कणीक कुणी मळली? कच्ची हाय. मोठीच्या हातची कणीक दाताला कळायची." तू हसत सांगितलंस, की बघ, आई कशी नावं ठेवते. तुला कळलं नाही, तू काय सांगितलंस ते. माझी जाऊ माझ्या कणकेबद्दल बोलली. इतक्या वर्षांनी बोलली, आणि माझ्यापाशी नाही, तुझ्यापाशी.

दुसऱ्या दिवशी मी शेजारच्याला बोलावून मशीन माळ्यावरून खाली काढवली. जुन्या लुगड्यात गुंडाळून ठेवली होती. जाळीला गंज चढलाय, पण राखेनं घासल्यावर भोकं मोकळी झाली. मोटार तर माझीही कधीच गेली. पण ती मूळची हाताची मशीन, हे मी विसरूनच गेले होते. लुगड्याच्या आत हँडल होतं. बसवून बघितलं, फिरतं. कुरकुरतं, पण फिरतं.

मला आता पूर्वीसारखा दाब देता येत नाही, खांदा धरतो. तुझ्या आईच्या डोळ्याचं ऑपरेशन झालंय, तिला बारीक शेवई दिसते की नाही कोण जाणे. दोघी मिळून एक डबा तरी उतरेल का, मला खात्री नाही. पण तुला धंदा टाकायचाय तर तो आधी डोळ्यानं बघून जा. मी वर बसते, ती खाली बसंल, आणि हँडल तू फिरव. जिचं पीठ, तिनं फिरवायचं.

हे तिला वाचून दाखव. सांग, की मोठीनं बोलावलंय. थोरलीनं बोलावलं असं सांग, म्हणजे तिला मागायला आल्यासारखं वाटणार नाही. मला गरज आहे म्हणून सांगितलंस तरी चालेल, आता त्याची मला लाज नाही. ती नाही म्हणाली तर तू एकटी ये, पण तिनं काय उत्तर दिलं ते मला फोनवर सांगू नकोस, समोर येऊन सांग.

गहू निवडून ठेवलाय. होळी जवळ आलीय. लवकर ये बाई, आणि तिला घेऊन ये.